एलएलएमचं सोड, आधी सनद कुठे आहे ते बघ

पत्र थोडक्यात असं: "ताई, पुण्यातून तीन वर्षांचं एलएलबी, २०१३ चं. वकिलीची सनद त्याच वर्षी, एआयबीई (अखिल भारतीय बार परीक्षा) पास. चार वर्षं शिवाजीनगर कोर्टात सीनियरकडे काढली, मग हिंजवडीला एका कंपनीत कॉन्ट्रॅक्ट्स बघायचे (तेव्हा सनद सस्पेंड केली). आता दीड वर्ष सॅन होजेत आहे, एच-फोरवर (नवऱ्याच्या नोकरीवरचा व्हिसा), वर्क परमिट नाही, एसएसएन (सोशल सिक्युरिटी नंबर) नाही, मुलगी चार वर्षांची. इथे वकिलीच्या लायसन्सची बार एक्झाम द्यायचीये. महाराष्ट्र मंडळात जो भेटतो तो म्हणतो एलएलएम (कायद्यातलं मास्टर्स) केल्याशिवाय बसूच देत नाहीत. एक जण म्हणतो न्यूयॉर्कची दे, सोपी असते. एलएलएम करायचं तर कर्ज काढावं लागेल, एलएलएम परवडत नाही, एलएलएम ऑनलाइन चालेल का? शिवाय कॉलेजात असताना मोर्च्यात गेले होते, जमावबंदी मोडल्याची, ३७/१३५ ची केस झाली, दंड भरून मिटली. ते इथे सांगायचं का? आणि मुख्य म्हणजे मला जमेल का? — गोंधळलेली वकीलबाई"

अगं वकीलबाई,

तुझं अख्खं पत्र वाचलं, वरती छापलंय ते त्याचं सार. मूळ पत्रात एलएलएम हा शब्द पानापानावर आहे आणि सनद सस्पेंड केल्याचं आपलं एका कंसात, जाता जाता. नेमकं उलटं पाहिजे होतं बघ. तुझी सगळी गोष्ट त्या कंसात अडकलीये.

कॅलिफोर्नियाचं आधी सांगते कारण तू तिथे राहतेस. बाहेरच्या देशात लॉ केलेल्यांसाठी तिथे दोन दारं आहेत. ज्यांच्याकडे फक्त डिग्री आहे, कुठेच वकील म्हणून नोंद नाही, त्यांना अमेरिकेत एलएलएम किंवा तसलं वर्षभराचं शिक्षण घ्यावं लागतं, त्यात ठराविक विषय, ठराविक युनिट्स. पण जे आपल्या देशात वकील म्हणून अ‍ॅडमिट झालेत, प्रॅक्टिसचा हक्क चालू आहे आणि गुड स्टँडिंगमध्ये आहेत, म्हणजे त्यांच्याविरुद्ध काही नाही, त्यांना कसलंही जादा शिक्षण न घेता बार एक्झामला बसता येतं. परत वाच. एलएलएम न करता. मंडळातले लोक खोटं बोलत नाहीयेत, ते पहिल्या दाराचं सांगतायत कारण त्यांच्या ओळखीतली जी मुलगी असेल ती पाच वर्षांचं लॉ करून सनद न घेताच सरळ इकडे आलेली असणार. तुझं दार वेगळं आहे. फक्त त्याची किल्ली तू २०१७ ला स्वतःच्या हाताने बार कौन्सिलच्या कपाटात ठेवून आलीस.

त्यात तुझं काही चुकलं नाही म्हणा. बार कौन्सिल ऑफ इंडियाचा नियम ४९ आहे, पूर्णवेळ पगारी नोकरी धरली की वकिली थांबवायची आणि तसं कळवायचं. आपल्याकडे निम्मे लोक कळवत नाहीत, तू कळवलंस, ते पुढे तुझ्या फायद्याचंच आहे, कसं ते येतेच. पण आज तुझी सनद झोपलेली आहे आणि झोपलेल्या सनदेवर "ही बाई वकिली करायला पात्र असून हिच्याविरुद्ध काही नाही" असं सर्टिफिकेट मिळणार नाही. म्हणून पहिलं काम अभ्यास नाही, कोर्स नाही, पहिलं काम म्हणजे बार कौन्सिल ऑफ महाराष्ट्र अँड गोवाकडे प्रॅक्टिस पुन्हा सुरू करण्याचा अर्ज. कंपनीचं रिलीव्हिंग लेटर लागेल, सस्पेन्शनच्या वेळचं पत्र लागेल, सनदेची कॉपी, एआयबीईचं सर्टिफिकेट ऑफ प्रॅक्टिस. ऑफिस फोर्टला हायकोर्टाच्या आवारात आहे, कोणीतरी स्वतः जाणारं माणूस शोध. मुंबईतला बॅचमेट असेल तर उत्तम, नसेल तर भावाला पाठव. ईमेलवर होईल या भरवशावर राहू नकोस, मी राहिले होते.

सनद जागी झाली की मग सर्टिफिकेट ऑफ गुड स्टँडिंग. ते फार आधी काढून ठेवू नकोस, ताजं मागतात. आणि कॅलिफोर्नियाच्या स्टेट बारकडे, म्हणजे तिथल्या बार कौन्सिलकडे, तुला अ‍ॅटर्नी अ‍ॅप्लिकंट म्हणून रजिस्टर व्हायचंय, विद्यार्थी म्हणून नाही, फॉर्मवर पहिल्याच पानाला लोक इथे चुकतात. हां, अ‍ॅटर्नी म्हटलं तरी वकिलांसाठी जी छोटी परीक्षा आहे ती तुझ्यासाठी नाही, ती अमेरिकेतल्याच दुसऱ्या राज्यात चार वर्षं लायसन्स असलेल्यांसाठी. तुला पूर्ण दोन दिवसांची द्यायची.

आता न्यूयॉर्क. सोपी वगैरे काही नसते, वेगळी असते. तिथे सनदेपेक्षा डिग्रीकडे बघतात. तुझं लॉचं शिक्षण किती वर्षांचं आणि कसलं, दोन्ही त्यांच्या तीन वर्षांच्या जेडीच्या (तिथली लॉची डिग्री) तोडीचं आहे का हे कोर्ट ऑफ अपील्सच्या ५२०.६ या नियमाखाली तपासतात. आपला कायदा इंग्लिश कॉमन लॉच्या वळणाचा, त्यामुळे आपलं फुलटाइम तीन वर्षांचं एलएलबी पुष्कळदा एलएलएमशिवाय पास होतं. दोनपैकी एका गोष्टीत कमी पडलं तर अमेरिकेतल्या मान्यताप्राप्त लॉ स्कूलमधलं २४ क्रेडिटचं एलएलएम करून भरून काढता येतं, दोन्हीत कमी पडलं तर मग नाही. पण हे तू ठरवायचं नाही, मी पण नाही, ते न्यूयॉर्कचं बार परीक्षेचं बोर्ड ठरवतं, आणि तुझे कागद बघून ठरवायला सहा-सहा महिने घेतं. कॉलेज सकाळच्या बॅचचं होतं का? असेल तर फुलटाइम होतं असं प्रिन्सिपलच्या सहीचं पत्र आत्ताच घेऊन ठेव, कारण सकाळी साडेसात ते अकरा लॉ कॉलेज ही गोष्ट अमेरिकन माणसाला समजावून सांगणं फार अवघड आहे, त्यांना वाटतं पार्टटाइम.

न्यूयॉर्कमध्ये पास झाल्यावरही शेपूट मोठं आहे. ५० तासांचं प्रो बोनो, म्हणजे फुकट, काम, न्यूयॉर्क कायद्याचा ऑनलाइन कोर्स, त्यावरची ५० प्रश्नांची ओपन बुक परीक्षा (३० बरोबर आले की पास), शिवाय प्रॅक्टिकल स्किल्सची एक अट, जी बाहेरच्या देशात वर्षभर वकिली केलेल्यांना त्याच अनुभवावर भागवता येते. शिवाजीनगरची ती चार वर्षं इथे कामाला येतील, सीनियरकडून अ‍ॅफिडेव्हिट लागेल, तेव्हा सरांशी संबंध बरे ठेव. आणि न्यूयॉर्क जुलै २०२८ पासून परीक्षेचं स्वरूपच बदलतंय, नेक्स्टजेन म्हणून नवीन परीक्षा येतेय, म्हणजे तू रेंगाळलीस तर अर्धा अभ्यास बदलेल.

माझं मत विचारशील तर परीक्षा कॅलिफोर्नियाची दे, पण न्यूयॉर्कचा कागद तपासायचा अर्ज आजच टाकून दे, तो आपला तिथे शिजत पडेल. सनद रिव्हाइव्ह व्हायला वेळ लागला किंवा काही अडलं तर दुसरं दार उघडं. आणि न्यूयॉर्कचं लायसन्स कॅलिफोर्नियात अगदीच वाया जात नाही. इमिग्रेशनचा कायदा केंद्राचा, त्याला कुठल्याही राज्याचं लायसन्स चालतं. आणि दुसऱ्या राज्याचं लायसन्स असलेल्यांना कंपनीच्या आत वकील म्हणून काम करायला कॅलिफोर्नियात रजिस्टर्ड इन-हाउस काउन्सेल अशी वेगळी नोंदणी आहे. तू हिंजवडीत कॉन्ट्रॅक्ट्स बघायचीस ना, सिलिकॉन व्हॅलीत बसून तेच काम, फक्त क्लॉज लांब. न्यू जर्सीचा मात्र नाद सोड, एडिसनला चुलत नणंद आहे म्हणून तिकडे बघू नकोस, नुसत्या आपल्या एलएलबीवर तिथे बसता येत नाही.

ऑनलाइन एलएलएमचं विचारलंयस. गरजच नसलेली गोष्ट ऑनलाइन पण करू नये. चांगल्या लॉ स्कूलची नुसती फीच साठ-सत्तर हजार डॉलरच्या पुढे जाते. ज्यांना त्या नावामुळे नोकरी मिळणार आहे त्यांनी जरूर करावं, मोठ्या लॉ फर्ममध्ये जायचं तर ते नाव लागतं हे खरंय. पण नुसतं परीक्षेला बसायला म्हणून कर्ज काढू नकोस.

आता कागदांकडे येते आणि इथे मी जरा लांबण लावणार आहे, कारण इथे माझे स्वतःचे सात महिने गेलेत.

आपल्या मार्कशीटवर आडनाव आधी, मग आपलं नाव, मग वडिलांचं. पासपोर्टवर आडनाव वेगळ्या रकान्यात. सनद घेतली तेव्हा माहेरचं नाव, एच-फोरच्या स्टॅम्पवर सासरचं. म्हणजे इथल्या बाईच्या टेबलावर तीन वेगवेगळ्या बायकांची फाईल पडते. तुझी डिग्री २०१३ ची, तिच्यावर पुणे विद्यापीठ लिहिलंय, आणि आता ट्रान्स्क्रिप्ट मागवशील ती सावित्रीबाई फुले पुणे विद्यापीठाच्या लेटरहेडवर येईल कारण नाव २०१४ ला बदललं. तुला मला त्यात काही वाटत नाही, पण क्रेडेन्शियल तपासणाऱ्या माणसाच्या दृष्टीने ही दोन विद्यापीठं आहेत. दोन्हीसाठी एकेक कागद सोबतच पाठव. लग्नानंतरच्या नावासाठी मॅरेज सर्टिफिकेट आणि राजपत्रात नाव बदललं असेल तर त्याची प्रत, विद्यापीठासाठी नाव बदलल्याचं त्यांचंच पत्र. त्यांनी विचारायच्या आधी पाठवलंस तर एक फेरी वाचते, आणि एक फेरी म्हणजे कमीत कमी दीड महिना.

आणि सीलबंद पाकीट. दोन्हीकडे कागद विद्यापीठाकडून थेट त्यांच्या हातात जायला लागतात, आपण स्कॅन करून पाठवलेलं चालत नाही. माझ्या वेळी ट्रान्स्क्रिप्ट घ्यायला बाबा स्वतः गेले होते, दोन बसेस बदलून. खिडकीवर नंबर लावून, पाकीट घेऊन घरी आले, आणि कुरियर करायच्या आधी पाकीट उघडून सगळं नीट तपासलं, कारण माझ्या दहावीच्या सर्टिफिकेटवर नावात काना राहिला होता ते त्यांच्या डोक्यात पक्कं बसलेलं. मार्क जुळतायत, स्पेलिंग बरोबर आहे, सगळं व्यवस्थित आहे असं फोनवर मला आनंदाने सांगितलं, नव्या पाकिटात घातलं, डिंक लावला आणि पाठवलं. सील त्यांनी जपून ठेवलं होतं, वेगळ्या प्लॅस्टिकच्या पिशवीत. ते इथून परत आलं अर्थातच. बाबांना रागवायची माझी काही छाती झाली नाही, परत पैसे भरले, परत अर्ज. तेव्हा जो कोणी तुझ्यासाठी विद्यापीठात जाणार असेल त्याला आधी नीट सांग, पाकीट विद्यापीठानेच थेट पाठवायचंय, आणि शक्य असेल तर दोन संच काढायला सांग, एक उघडून घरी ठेवायला म्हणजे तपासायची हौस पण भागते.

३७/१३५ चं. सांगायचं. शंभर टक्के सांगायचं. इथे परीक्षा पास होणं हा अर्धा भाग, उरलेला अर्धा म्हणजे मॉरल कॅरेक्टर, तुमची वर्तणूक वकील व्हायच्या लायकीची आहे का याची चौकशी. पत्ते, नोकऱ्या, कर्जं, कोर्टकचेऱ्या, सगळं विचारतात, बोटांचे ठसे घेतात. कॅलिफोर्नियात या अर्जाला सहा महिने तर धरूनच चाल, आणि एकदा मिळालेली मंजुरी ३६ महिने टिकते, म्हणून परीक्षेच्या निकालाची वाट न बघता अभ्यासाच्या मध्यावरच टाकायचा. जमावबंदी मोडून मोर्च्यात गेली, दंड भरला, याने कोणाचं लायसन्स अडत नाही, उलट मला वाटतं वाचणाऱ्याला जरा गंमतच वाटेल. अडतं ते लपवल्याने. वीस वर्षांपूर्वीची फालतू गोष्ट लपवली आणि ती सापडली तर ती फालतू राहत नाही. तर ज्या कोर्टात केस होती तिथल्या नक्कल विभागात अर्ज करून निकालाची सर्टिफाइड कॉपी काढ, मराठीत असेल, तिचं इंग्रजी भाषांतर करून घे आणि आपल्या शब्दांत आठ-दहा ओळी लिही, कुठला मोर्चा, काय झालं, किती दंड. रेकॉर्ड नष्ट झालं असं कोर्टाने सांगितलं तर तसं लेखी घे. सारवासारव नको, "मी निर्दोष असून राजकीय सूडबुद्धीने" वगैरे वकिली भाषा तर अजिबात नको. आणि इथेच तू सनद सस्पेंड केल्याचं कळवलं होतंस ते उपयोगी पडेल. नोकरीची वर्षं एकीकडे आणि चालू सनद दुसरीकडे असं ज्यांचं दिसतं त्यांना ते समजावत बसावं लागतं.

याच संदर्भात अजून एक, तू विचारलं नाहीस पण सांगते. मंडळात, सोसायटीत, व्हॉट्सअ‍ॅपवर लोक तुला भाडेकरार दाखवतात का? "तू वकील आहेस ना, जरा बघ की घरमालक डिपॉझिट देत नाहीये." मला माहितीये दाखवतात. नको बघूस. लायसन्स नसताना कायद्याचा सल्ला देणं हा कॅलिफोर्नियात गुन्हा आहे, आणि मॉरल कॅरेक्टरच्या अर्जात नेमकं हे उगवलं तर मोर्च्यापेक्षा शंभरपट महागात पडेल. लिंक्डइनवर पण नुसतं अ‍ॅडव्होकेट लिहिलं असशील तर पुढे भारत लिही. काकांना सांग, मी फक्त पोहे करून देऊ शकते.

एसएसएन नाही म्हणून घाबरू नकोस. फॉर्म मागतो हे खरं, पण ज्यांना तो नंबर मिळूच शकत नाही त्यांच्यासाठी सूट मागायची सोय आहे. आणि व्हिसा हा लायसन्सच्या आड येत नाही. सर्जिओ गार्सिया म्हणून एक जण, लहानपणी मेक्सिकोतून आणलेला, कागदपत्रंच नव्हती त्याच्याकडे, कॅलिफोर्नियाची बार पास झाला आणि तिथल्या सुप्रीम कोर्टाने जानेवारी २०१४ मध्ये त्याला लायसन्स द्यायचा निकाल दिला, त्याच्यासाठी विधिमंडळाने आधी कायदा केला होता. तुझे तर सगळे कागद व्यवस्थित आहेत. पण उलटं पण लक्षात ठेव, लायसन्स मिळालं म्हणजे कामाची परवानगी मिळाली असं नाही. नवऱ्याचं आय-१४० (ग्रीन कार्डसाठी कंपनीने भरलेला अर्ज) मंजूर झालं असेल तर २०१५ पासूनच्या नियमाने एच-फोरवाल्यांना वर्क परमिट मागता येतं, ते बघ. नसेल झालं तरी परीक्षा देऊन ठेवता येते, पास झाल्यावर कॅलिफोर्निया पाच वर्षं देतं बाकीच्या अटी पूर्ण करून शपथ घ्यायला.

आता अभ्यास, म्हणजे तुझा खरा प्रश्न, जमेल का.

परीक्षा फेब्रुवारी आणि जुलैच्या शेवटच्या मंगळवार-बुधवारी. पहिल्या दिवशी एकेका तासाचे पाच निबंध आणि दीड तासाचा परफॉर्मन्स टेस्ट. दुसऱ्या दिवशी एमबीई, २०० ऑब्जेक्टिव्ह, सकाळी १०० आणि जेवणानंतर १००, एका प्रश्नाला एक मिनिट अठ्ठेचाळीस सेकंद. दोन्ही दिवसांना सारखं वजन, पास व्हायला १३९० लागतात, २०२० च्या आधी १४४० लागायचे. याशिवाय वकिली नीतिमत्तेची एमपीआरई म्हणून वेगळी दोन तासांची परीक्षा, ६० प्रश्न, कॅलिफोर्नियाला त्यात ८६ लागतात, न्यूयॉर्कला ८५, ती वर्षातून तीनदा असते. ती आधी देऊन टाक, सरावाला बरी, आणि पहिल्यांदा पास झाल्यावर जो धीर येतो तो कुठल्याच कोर्समध्ये विकत मिळत नाही.

एआयबीईच्या आठवणीने जाऊ नकोस. तिथे आपण बेअर अ‍ॅक्टचा, म्हणजे नुसत्या कायद्यांच्या पुस्तकांचा, गठ्ठा घेऊन बसलो, कलम शोधलं, गोल काळा केला. इथे पुस्तक नाही, आणि एमबीईच्या चारही पर्यायांत दोन तरी बरोबर वाटतील असे लिहिलेले असतात.

आणि आपली खरी अडचण कायदा न येणं ही नाही गं, अर्धवट येणं ही आहे. अज्ञान मुलाने केलेला करार? मोहोरी बीबीचा निकाल, १९०३, तोंडपाठ, करार शून्य. इथे तो शून्य नाही, मुलाला हवा असेल तर टिकतो, नको असेल तर मोडतो. आधीच करून झालेल्या कामाचा मोबदला? आपल्या कॉन्ट्रॅक्ट अ‍ॅक्टच्या २(ड) मध्ये बसतो, इथे बसत नाही. मृत्युपूर्व जबाब तर बघच. आपल्या कलम ३२ ला, आता नव्या साक्ष अधिनियमात २६, माणसाला आपण मरणार असं वाटत होतं की नाही याने फरक पडत नाही. इथे फेडरल नियमात ते वाटलंच पाहिजे, आणि फौजदारीत फक्त खुनाच्या खटल्यात चालतो. मी पहिल्या सराव परीक्षेत एव्हिडन्समध्येच सगळ्यात जास्त चुकले, आणि कोर्टात एव्हिडन्स माझा हातखंडा विषय होता. मालमत्ता पुढच्या पिढ्यांसाठी अडकवून ठेवायची (परपेच्युइटीची) मुदत आपल्याकडे हयात माणूस अधिक अठरा वर्षं, एमबीईत अधिक एकवीस. अशी वही कर एक, डाव्या पानावर आपलं, उजव्या पानावर इथलं. कोर्सवाले ही वही देत नाहीत कारण त्यांना तुझं डावं पान माहीतच नाही. ज्युरीचं प्रकरण मात्र कोरं करून शिक, आपल्याला ज्युरी म्हटलं की नानावटी खटला एवढंच ठाऊक. आणि कम्युनिटी प्रॉपर्टी हा विषय तुला आवडेल, लग्नानंतर कॅलिफोर्नियात राहून नवऱ्याने कमावलेल्या पगारात अर्धा हिस्सा तुझा, हे पाठ करताना आमच्या घरी जरा शांतता पसरली होती.

निबंध. आपल्याला सवय कशी, "सदर प्रश्नाचे उत्तर देण्यापूर्वी कराराची व्याख्या पाहू", मग व्याख्या, मग वैशिष्ट्यं, मग केस लॉ, मग पुरवणी मागायची. इथे पुरवणीचे मार्क नाहीत. मुद्दा कुठला, नियम काय, तो या गोष्टीतल्या माणसांना कसा लागू होतो, निष्कर्ष. बस. आणि मार्क तिसऱ्या भागाला आहेत, जो आपण एका ओळीत उरकतो. "कुत्रा मालकाच्या अंगणातून सुटून शेजारच्या मुलाला चावला" असं दिलं असेल तर फाटक उघडं होतं, मालकाला माहीत होतं, मुलगा रस्त्यावर होता, हे एकेक तथ्य उचलून नियमाच्या एकेका तुकड्याला लावायचं, अगदी पोरीला घास भरवल्यासारखं. स्टेट बार जुने प्रश्न आणि निवडक उत्तरं फुकट देतं, ती हाताने नाही, लॅपटॉपवर, घड्याळ लावून लिही. परफॉर्मन्स टेस्ट लोक टाळतात, पण त्याला दोन निबंधांएवढे मार्क असतात. फाईल देतात, निकाल देतात, त्यातून मेमो किंवा अर्ज बनवायचा, बाहेरचा कायदा लागतच नाही. सीनियरने संध्याकाळी सहाला पेपरबुक हातात देऊन उद्या सकाळी ड्राफ्ट दे म्हटल्यावर तू जे करायचीस ना, तेच.

वेळ. सगळे ४०० ते ६०० तास सांगतात, ते इथे लॉ स्कूल केलेल्यांचं गणित, आपण वरची बाजू धरायची, वरती अजून थोडे. चार वर्षांच्या मुलीबरोबर रोज आठ तास हे स्वप्न बघू नकोस. मी सहा महिने घेतले, रोज पहाटे दोन तास आणि ती प्रीस्कूलला गेली की तीन, आणि शनिवार पूर्ण लायब्ररीत. शनिवारी मुलगी आणि घर नवऱ्याकडे, आणि हे आत्ताच ठरव, मे महिन्यात नाही. शेवटचे चार आठवडे आईला किंवा सासूबाईंना बोलावता आलं तर व्हिसाच्या अपॉइंटमेंटचं आजच बघ.

आणि पहिल्यांदा नाही झाली तर? होऊ शकतं. बाहेरून आलेल्या वकिलांचा कॅलिफोर्नियातला निकाल इथल्यांपेक्षा बराच कमी लागतो, ते लपवून काय करू. मी दुसऱ्यांदा पास झाले. कमला हॅरिस पहिल्यांदा नापास झाल्या होत्या. कॅथलीन सलिव्हन, स्टॅनफर्ड लॉ स्कूलच्या माजी डीन, घटनेच्या कायद्यावर पुस्तकं लिहिलेली बाई, २००५ ला इथेच नापास. आणि कधी कधी परीक्षाच नापास होते. फेब्रुवारी २०२५ ला कॅलिफोर्नियाने एमबीई सोडून स्वतःचे प्रश्न आणले, ऑनलाइन घेतली, लोकांचे स्क्रीन अडकले, लिहिलेलं सेव्ह होईना, नंतर कळलं की काही प्रश्न एआयच्या मदतीने बनवलेले. सुप्रीम कोर्टाने पासिंग खाली आणलं आणि जुलैपासून परत एमबीई. म्हणून नियम मंडळातल्या माणसाला विचारायचे नाहीत, मलाही नाही, फॉर्म भरायच्या दिवशी स्टेट बारच्या साइटवर वाचायचे.

आता हे वाचून झाल्यावर लगेच क्रेडिट कार्ड काढून हजारो डॉलरचा कोर्स घेशील, ओळखून आहे मी. थांब. सनदेच्या अर्जाची पोच हातात आल्याशिवाय कोर्स घ्यायचा नाही. तुझ्याकडे रात्रीचे साडेदहा वाजले की पुण्यात सकाळ झालेली असते, भावाला तेव्हा फोन कर, आणि कोर्टाला सुट्टी कधी लागतेय ते बघून त्याला मुंबईला पाठव. पोच आली की मला कळव, मग आपण फेब्रुवारी की जुलै ते ठरवू.

— ताई